लुळा पडलेला नायक आणि उदात्तीकरणाचा आरोप

दरोडेखोरावर, टोळीच्या म्होरक्यावर किंवा कायद्याने फरारी ठरवलेल्या माणसावर चित्रपट आला की आपल्याकडे ठरलेला वाद सुरू होतो. एक बाजू म्हणते, गुन्हेगाराचं उदात्तीकरण चाललं आहे, पोरं बिघडतील, बंदी घाला. दुसरी म्हणते, करमणूकच आहे, एवढं काय मनावर घेता. फारच ताणलं तर अभिव्यक्तिस्वातंत्र्याचा हवाला. दोन्हीकडून तावातावाने लिहिलं जातं, पण पडद्यावर त्या माणसाचं नेमकं होतं काय, तो कुठून निघतो आणि कुठे पोचतो, यावर कुणी चार ओळीसुद्धा खर्च करत नाही. हा वाद मला मुळातच चुकीच्या जागी उभा असलेला वाटतो. फरारी माणसाला नायक केलं म्हणून चित्रपट घातक होत नाही आणि ‘नुसती करमणूक’ म्हटल्याने तो निरुपद्रवीही ठरत नाही. आख्यायिकेतला माणूस चित्रपटाने कुठल्या क्षणापर्यंत नेला आणि कुठल्या क्षणाकडे पाठ फिरवली, हे पाहूनच निवाडा करावा लागतो. याचा माझ्या माहितीतला सर्वांत भक्कम पुरावा जपानमधला आहे, १९२७ सालचा आणि मूकपटाच्या काळातला.

‘चुजी ताबिनिक्की’, म्हणजे चुजीच्या भटकंतीची रोजनिशी. दिग्दर्शक इतो दाइसुके, चुजीच्या भूमिकेत ओकोची देन्जिरो. दोघेही १८९८चे, म्हणजे तेव्हा तिशीही न गाठलेले. निक्कात्सु कंपनीने हा चित्रपट तीन भागांत काढला. पहिला भाग १९२७च्या मार्चमध्ये आला, दुसरा ऑगस्टमध्ये, तिसरा डिसेंबरच्या अखेरीस. नायक कुनिसादा चुजी हा खराखुरा माणूस. १८१० साली कोझुके प्रांतातल्या, म्हणजे आजच्या गुन्मा जिल्ह्यातल्या, कुनिसादा गावी तो जन्मला. हा मुलूख रेशमाचा. कोशांच्या व्यापारामुळे शेतकऱ्याच्या हातात रोख पैसा खेळायचा, आणि जमीन मात्र अनेक छोट्यामोठ्या जहागिरींत वाटलेली. एका धन्याच्या हद्दीत गुन्हा करावा आणि दुसऱ्याच्या हद्दीत पाय ठेवावा, की पाठलाग थंडावला. हद्दी ओलांडून धरपकड करणारी फिरती पथकं शोगुनच्या, म्हणजे तेव्हाच्या लष्करी राज्यकर्त्याच्या, सरकारने १८०५ मध्ये नेमली ती यासाठीच. रोख पैसा आणि सैल बंदोबस्त असला की जुगाराचे अड्डे फोफावणारच. चुजी अशाच एका अड्ड्याचा म्होरक्या.

१८३३पासून तेन्पो काळातला भीषण दुष्काळ पडला आणि चुजीची आख्यायिका तिथून सुरू झाली. अधिकारी हातावर हात धरून बसले असताना या जुगाऱ्याने गावांना धान्य दिलं, पैसा दिला, असं लोक सांगू लागले. पुढे कीर्तनासारख्या कथनांतून, पोवाड्यासारख्या गाण्यांतून आणि नाटकांतून ही कथा घरोघरी गेली. १९१९ साली शिन्कोकुगेकी या नाटकमंडळीने सावादा शोजिरोला चुजी करून रंगमंचावर आणलं आणि त्या नाटकातला आकागी डोंगरावरचा प्रवेश सगळ्या देशाच्या तोंडी झाला. वेढा पडला आहे, चंद्र वर आला आहे, चुजी साथीदारांचा निरोप घेत तलवार उंच धरतो. जपानी माणसाला चुजी म्हटलं की आजही हीच पोज आठवते. उदात्तीकरणाचा आरोप कुठे करायचाच असेल तर तो इथे करावा. तलवार वर आहे, हात भक्कम आहे आणि पुढचं काही आपल्याला पाहावं लागत नाही.

इतोने नेमकं ते पुढचं उचललं. त्याचा चुजी डोंगरावरून खाली उतरतो आणि दिवसेंदिवस लहान होत जातो. त्याच्याबरोबर कांतारो नावाचं एक पोर आहे, आणि फरारी माणसाला पोर सांभाळता येत नाही. दुसऱ्या एका भल्या म्होरक्याच्या हवाली त्या मुलाला करावं लागतं. गरिबांचा वाली म्हणून ज्याची गाणी होतात, त्याला एका मुलाचं पालनपोषण जमत नाही. मग तो एचिगो प्रांतात नाव बदलून तांदळाच्या दारूच्या एका मोठ्या कारखान्यात कारकुनी करतो. पुरुषभर उंचीची लाकडी पिंपं, त्यांच्यामध्ये हिशेबाची वही सांभाळणारा हा माणूस, आणि मालकाची मुलगी त्याच्या प्रेमात पडलेली. काही क्षण वाटतं की याला साधं आयुष्य मिळेल. पण ओळख फुटते, आणि ते नाव, ज्या नावाचा लोकांना आधार वाटतो, तेच त्याच्या पायातली बेडी होतं. शेवटी त्याला अर्धांगवायूचा झटका येतो. साथीदार त्याला उचलून गावी आणतात. कोठारात तो आडवा पडलेला, बाहेर सरकारी माणसांचा वेढा, आणि त्याच्या भोवती त्याची माणसं एकामागून एक पडत जातात. फुशिमी नाओएने साकारलेली त्याची प्रेयसी ओशिना हातात पिस्तूल घेऊन लढते. तलवारबाजीच्या चित्रपटाचा नायक मात्र तलवार उचलू शकत नाही. ओकोचीचा अभिनय उरतो तो डोळ्यांत आणि जबड्यात. प्रेक्षक ज्या हाताची वाट पाहत तिकीट काढून आला, तो हात अंथरुणावर निर्जीव पडलेला दाखवायचा, हे उदात्तीकरण कसं म्हणायचं?

आणि यातलं अर्धांगवायूचं प्रकरण इतोच्या कल्पनेतलं नाही. खऱ्या चुजीला १८५० साली पक्षाघाताचा झटका आला होता. त्याच अवस्थेत तो लपून राहिला, त्याच अवस्थेत पकडला गेला आणि वर्ष सरता सरता ओदोच्या नाक्यावर त्याला खांबाला बांधून भाल्यांनी भोसकून मारण्यात आलं. आरोपांत मुख्य होता तो याच नाक्याची चौकी मोडून पळाल्याचा. नाटकाने आजारपणाकडे डोळेझाक केली, चित्रपटाने ते मध्यभागी आणलं. म्हणजे लोकप्रिय माध्यम म्हणून ज्याला आपण सर्वांत जास्त नावं ठेवतो, त्या सिनेमानेच इथे आख्यायिकेला इतिहासाच्या जवळ ओढून आणलं.

विरोधकांकडे यावर उत्तरं आहेत आणि ती दुबळी नाहीत. पहिलं उत्तर खऱ्या चुजीबद्दलचं. हा माणूस प्रत्येक डावावर नाल, म्हणजे अड्ड्याचा वाटा, काढून जगायचा. त्याच्या अड्ड्यावर कंगाल झालेले लोक हे त्याच कोझुकेतले शेतकरी होते, ज्यांना पुढे त्याने धान्य दिलं म्हणतात. त्याने माणसं मारली, मारवली, आणि ते प्रतिस्पर्धी टोळ्यांशी हद्दीवरून. एका तळ्याचा गाळ त्याने गावासाठी उपसून दिला असं सांगतात. त्याच कामाच्या आडोशाने तळ्याकाठी जुगार चालला असंही सांगतात. इतोच्या चित्रपटात त्या वाट्याचा हिशेब नाही, कंगाल झालेला शेतकरी नाही. चुजीचं दुःख आपल्याला जवळून दिसतं, त्याने दिलेलं दुःख दिसत नाही. हा आक्षेप मला पूर्ण मान्य आहे. चित्रपट कितीही थोर असला तरी ही उणीव त्याच्या पदरात राहतेच.

पण या आक्षेपातून जो निष्कर्ष काढला जातो, की लोकांनी आंधळेपणाने एका गुंडाला देव केलं, तो टिकत नाही. चुजीबद्दल लिहून ठेवणारांत शोगुनच्या सरकारचाच एक कारभारी होता, हाकुरा नावाचा. दुष्काळात एका जुगाऱ्याने लोकांना सावरलं आणि आपल्याला ते जमलं नाही, याची लाज त्याच्या लिखाणात आहे. राज्यकर्त्यांच्या बाजूचा माणूस स्वतःविरुद्ध साक्ष देतो तेव्हा ती बाजूला सारता येत नाही. मराठी वाचकाला हे ओळखीचं वाटावं. उमाजी नाईकांना १८३२च्या फेब्रुवारीत पुण्यात फाशी देणाऱ्या कंपनी सरकारच्या दफ्तरात ते दरोडेखोर होते; पण त्यांच्या पाठलागावर असलेल्या कॅप्टन मॅकिन्टॉशनेच रामोश्यांवर सविस्तर लिहून ठेवलं आणि त्या बंडामागची कारणं आपल्यापर्यंत पोचायला त्याचाच उपयोग झाला. उमाजींचं बंड राजकीय होतं, चुजीचं नव्हतं; दोघांना एका मापाने मोजायचं नाही. मात्र ‘गुन्हेगार’ ही सरकारी नोंद असते आणि तिच्या खाली दुसरी एखादी नोंद दबलेली असू शकते, हे दोन्ही ठिकाणी खरं आहे. त्याच १८३२ साली एदो शहरात, म्हणजे आजच्या तोक्योत, नेझुमी कोझो या चोराचा शिरच्छेद झाला. जहागीरदारांच्या वाड्यांत चोऱ्या करून त्याने पैसा गरिबांना वाटला असं लोक मानतात. प्रत्यक्षात तो जुगारात आणि दारूत उडाला. आख्यायिका खोटीच ठरली. तरी प्रश्न उरतो: चोराकडून दानाची अपेक्षा करण्याची वेळ त्या शहरातल्या गरिबांवर का आली?

दुसरा आक्षेप याहून जड आहे आणि उदात्तीकरणाची ओरड करणारे तो सहसा मांडत नाहीत, कारण त्यासाठी थोडा इतिहास वाचावा लागतो. १९१९ साली, आकागीचा तो प्रवेश गाजला त्याच वर्षी, जपानमध्ये ‘दाइनिप्पोन कोकुसुइकाई’ ही संघटना उभी राहिली. तिच्यात टोळ्यांचे म्होरके होते आणि पाठीवर हात होता गृहमंत्री तोकोनामी ताकेजिरो यांचा. काम काय? संप मोडणं, कामगार पुढाऱ्यांना आणि डाव्यांना मारहाण करणं. आणि हे सगळं कोणत्या भाषेत? दुबळ्यांच्या पाठीशी उभं राहणाऱ्या मर्दानी निष्ठेच्या, म्हणजे चुजीच्याच भाषेत. नाटकगृहात चुजी शेतकऱ्यांसाठी रडत होता आणि बाहेर त्याचे वारस मालकाच्या पैशावर कामगारांची डोकी फोडत होते. आख्यायिका सत्तेच्या किती उपयोगी पडू शकते याचं याहून झणझणीत उदाहरण मला ठाऊक नाही. ‘नुसती करमणूक’ म्हणणाऱ्यांनी यावर विचार करावा. गोष्टी निरुपद्रवी नसतात.

इथेच चित्रपट-चित्रपटांत फरक करण्याची गरज पडते. कोकुसुइकाईला कोणता चुजी हवा होता? डोंगरावर तलवार उंचावणारा, ज्याच्या एका शब्दावर साथीदार जीव टाकतील असा. निष्ठेची किंमत न सांगणारा. इतोचा चुजी त्यांच्या कामाचा नाही. त्याच्या चित्रपटात म्होरक्याची निष्ठा पोराला पोसू शकत नाही, त्याचं नाव त्याला नोकरी करू देत नाही आणि त्याच्या माणसांची स्वामिभक्ती शेवटी एका हलू न शकणाऱ्या देहाभोवती प्रेतांचा खच पाडते. साथीदार शूर आहेत, प्रामाणिक आहेत, आणि त्यांचं मरण व्यर्थ आहे. हे तिन्ही एकदम दिसतं. असा चित्रपट पाहून कुणी टोळीत भरती होईल, असं म्हणणाऱ्याने कोणत्या दृश्यामुळे होईल ते सांगावं. दोन वर्षं आधी, १९२५ मध्ये, फुतागावा बुन्तारोच्या ‘ओरोची’नेही हेच केलं होतं. बांदो त्सुमासाबुरोचा सामुराई प्रत्येक वेळी सद्हेतूने वागतो आणि प्रत्येक वेळी बदमाश ठरतो. ज्याला जग बदमाश म्हणतं तो तसा असेलच असं नाही आणि ज्याला सज्जन म्हणतं तोही नाही, अशी पाटीच चित्रपटाच्या सुरुवातीला होती. सेन्सॉरने चित्रपटाचं मूळ नाव बदलायला लावलं. गंमत म्हणून नव्हे, त्यांना धोका बरोबर कळला होता. त्याच वर्षी देशभरच्या चित्रपटांची तपासणी गृहखात्याने एका हाती घेतली होती. अधिकाऱ्यांना भीती होती ती पोरं बिघडण्यापेक्षा, प्रतिष्ठितांवरचा लोकांचा विश्वास बिघडण्याची.

बंदी घाला म्हणणाऱ्यांसाठी जपानचा पुढचा इतिहास तर तयार प्रयोगच आहे. १९३९च्या चित्रपट कायद्याने पटकथा आधी तपासून घेणं सक्तीचं झालं. युद्ध हरल्यावर अमेरिकी ताबा आला, आणि १९४५च्या नोव्हेंबरमध्ये त्यांनी तेरा प्रकारचे विषय वर्ज्य ठरवले. सूडाचं समर्थन आणि सरंजामी निष्ठा त्यात होतीच. २३६ चित्रपटांची यादी करून ते काढून घेण्यात आले, त्यांतल्या काहींच्या प्रती जाळल्या गेल्या. एका बाजूला लष्करशाही, दुसऱ्या बाजूला तिला उखडायला आलेले लोकशाहीवादी, आणि दोघांचाही संशय सिनेमावरच. मग तलवारीचे चित्रपट दुर्मीळ झालेल्या त्या वर्षांत टोळ्या आटल्या का? उलट. तुटवड्याने काळा बाजार उभा राहिला आणि शहराशहरांतला तो बाजार टोळ्यांनीच चालवला. त्यांची माणसं वाढत गेली ती १९६३ पर्यंत. त्या वर्षी पोलिसांच्या नोंदीत सुमारे १,८४,००० टोळीवाले होते. तोएई कंपनीच्या ‘दिलदार जुगाऱ्यां’च्या चित्रपटांची लाट उसळली ती यानंतर, आणि लाट जोरात असतानाच्या दशकात आकडा घसरत गेला, कारण १९६४पासून पोलिसांनी टोळ्यांच्या म्होरक्यांवरच थेट कारवाई उघडली. चित्रपटांमुळे गुन्हे कमी झाले असा उलटा दावा मी करणार नाही, तो तितकाच पोरकट होईल. एवढंच दिसतं की टोळ्या भूक, पैसा आणि पोलिसांची ढिलाई यांवर पोसल्या. पडद्याचा दोष शोधणाऱ्यांनी आधी या तिघांचा हिशेब मांडायला हवा.

आता तिसरा आक्षेप, जो माझ्या बाजूच्या लोकांनीही स्वतःला विचारायला पाहिजे. आज आपण ‘चुजी ताबिनिक्की’ म्हणून जे पाहतो तो तुकडा आहे. बहुतेक जपानी मूकपटांप्रमाणे हाही नष्ट झाला असंच मानलं जात होतं. १९९१ साली हिरोशिमात एक प्रत सापडली, तोक्योच्या राष्ट्रीय चित्रपट केंद्राने ती दुरुस्त केली. पहिल्या भागाचं त्यात नावापुरतं काही आहे, दुसऱ्याचा काही हिस्सा आहे आणि तिसरा बराचसा आहे. सगळं मिळून दीड तासाहून थोडं जास्त. आणि हरवलेला पहिला भाग कसला होता? त्याच्या नावातच तलवारबाजी आहे. मग ‘या चित्रपटाने नायकाला खाली उतरवलं’ हा निष्कर्ष केवळ योगायोगाने वाचलेल्या रिळांवर उभा नाही का? लढाया जळून गेल्या, आजारपण उरलं, आणि आपण आजारपणालाच चित्रपट म्हणतो आहोत?

शंका रास्त आहे, पण तिचं उत्तर १९२७ मध्येच देऊन ठेवलेलं आहे. ‘किनेमा जुंपो’ नियतकालिकाच्या त्या वर्षीच्या निवडीत जपानी चित्रपटांत पहिला क्रमांक मिळाला तो चुजीच्या दुसऱ्या भागाला, आणि तिसरा भाग चौथ्या क्रमांकावर होता. तिन्ही भाग पाहिलेल्या समकालीन समीक्षकांनी पसंत केले ते ऱ्हासाचे भाग. तलवारबाजीच्या भागाला पहिल्या दहांतही जागा मिळाली नाही. १९५९ साली त्याच नियतकालिकाने साठ वर्षांतल्या सर्वश्रेष्ठ जपानी चित्रपटांचा कौल घेतला, तेव्हाही हाच चित्रपट पहिला आला. त्या वेळी प्रत शिल्लक असल्याचं कुणाला ठाऊक नव्हतं. बत्तीस वर्षांपूर्वी पाहिलेलं लोकांच्या मनात टिकून होतं आणि नंतर सापडलेल्या रिळांनी त्या आठवणीला खोटं पाडलं नाही.

‘समीक्षकांना कळलं असेल, साध्या प्रेक्षकाला ही सूक्ष्मता कुठली कळायला?’ हा शेवटचा युक्तिवाद सगळ्याच वादांत ऐकू येतो आणि मला तो सर्वांत जास्त खटकतो. तेव्हा चित्रपट खरोखर मूक नव्हता. पडद्याशेजारी बेन्शी बसायचा, पात्रांचे संवाद म्हणायचा, प्रसंगाचा अर्थ लावून सांगायचा. सरकारला त्याच्या शब्दांचं वजन इतकं ठाऊक होतं की १९१७पासून तोक्योत बेन्शीला परवाना घ्यावा लागे. त्या अंधारात दुकानातले नोकर, गिरणीतल्या मुली, बेकार कारागीर बसलेले असत. १९२७च्या वसंतात जपानी बँका धडाधड बसल्या, एप्रिलमध्ये सरकारने देणी लांबणीवर टाकण्याचा हुकूम काढला. त्याच वर्षात या लोकांनी एकाच माणसाच्या अधःपतनाचे तीन भाग तिकीट काढून पाहिले, प्रत्येक भाग आधीच्याहून काळोखा. निक्कात्सु ही धर्मादाय संस्था नव्हती. लोकांनी पाठ फिरवली असती तर तिने डिसेंबरात तिसरा भाग पडद्यावर आणलाच नसता. आपल्या नायकाला पोर सोडून देताना, कारकुनी करताना, तोंड वाकडं होऊन पडलेला पाहण्याची त्या प्रेक्षकांची तयारी होती. त्यांना फक्त उंचावलेली तलवारच कळते असं मानणारे लोक तेव्हाही होते, आणि त्या वर्षाच्या तिकीटखिडकीने त्यांना खोटं ठरवलं.